एकच माळ, दोन दावेदार: गोव्यातल्या सरकारी जमिनीवरचा वाद कसा हाताळावा

काजू पिकायला लागले की सत्तरी, सांगे, केपे, काणकोण भागात डोंगरावरची भांडणेही पिकतात. एक कुटुंब म्हणते, आजोबांनी कुमेरी (झाडी तोडून-जाळून केलेली डोंगरशेती) करून ही जागा लागवडीखाली आणली. दुसरे म्हणते, आमच्याकडे आल्वाऱ्याचा, म्हणजे पोर्तुगीज सरकारने लागवडीला जमीन दिल्याचा, कागद आहे. बोंडे कुणी वेचायची यावरून कोयते निघतात, आणि पोलीस ठाण्यात पोचल्यावर कळते की उताऱ्यावर दोघांपैकी कुणाचेच नाव नाही. तिथे लिहिलेले असते: सरकार.

अशा दोघांपैकी एकासाठी हा लेख आहे. तुम्ही कुठल्या बाजूचे आहात याने फारसे बिघडत नाही, पायऱ्या त्याच आहेत. एक गोष्ट मात्र आधीच मनात पक्की करा. इथे लढाया दोन आहेत. पहिली तुमची आणि शेजाऱ्याची, ती ताब्याची. दुसरी तुमची आणि सरकारची, ती हक्काची. बहुतेक लोक पहिल्या लढाईत दुसरीची हत्यारे वापरतात. शेजाऱ्यासमोर ‘मीच मालक’ म्हणून दावा लावतात, मालकी सिद्ध होत नाही, आणि वीस वर्षांचा खरा ताबा असूनही हात हलवत परततात.

या फरकावर सर्वोच्च न्यायालयाचा १९६८चा एक जुना निकाल आहे, नायर सर्व्हिस सोसायटी खटल्यातला. केरळमधली जमीन सरकारी होती. एकाच्या ताब्यातली ती जागा दुसऱ्याने बळाने घेतली. न्यायालय म्हणाले, आधीपासून शांतपणे ताबा असलेल्या माणसाचा ताबा खऱ्या मालकाखेरीज बाकी सगळ्यांविरुद्ध टिकतो. जमीन सरकारची आहे एवढे सांगून तिसऱ्याने त्याला हुसकावता येत नाही. गोव्यातल्या असल्या प्रत्येक वादात वकिलासमोर हा निकाल काढून ठेवावा, इतका तो नेमका आहे. पण त्याची दुसरी बाजूही तितकीच खरी: सरकार दारात आले की तुम्ही आणि शेजारी एकाच रांगेत उभे.

पहिली पायरी: जमीन नेमकी कुणाची, ते कागदावर बघा

‘सरकारी’ हा शब्द गोव्यात फार सैल वापरला जातो. कोमुनिदादची जमीन, वनखात्याची जमीन, आल्वाऱ्याची जमीन, मोकाशांची (जुन्या इनामदारांची) जमीन, सगळ्याला लोक सरकारी म्हणतात. कायदा प्रत्येकीला वेगळा आहे आणि दरवाजाही वेगळा.

सुरुवात एक-चौदाच्या उताऱ्यापासून, म्हणजे हक्क आणि पिके दाखवणाऱ्या जमिनीच्या उताऱ्यापासून, करा. सर्वे नंबर आणि उपविभाग नंबर माहीत असला तर तो गोवा ऑनलाइनवरून मिळतो, नाहीतर मामलेदार कचेरीतून. सोबत सर्वे प्लॅन काढा. उतारा हातात आला की लोक फक्त भोगवटादाराचे नाव बघतात आणि घडी घालतात. असे करू नका. कुळाचा रकाना, ‘इतर हक्क’ हा रकाना, आणि खाली पिकांच्या तपशिलात कुठल्या वर्षी कुणाचे नाव लागवड करणारा म्हणून लागले आहे, हे वाचा. वरच्या बाजूला आकार, फोर (कायम दिलेल्या जमिनीचे वार्षिक भाडे), प्रेदियाल (पोर्तुगीज काळातला जमीन-कर), खंड अशा नोंदी असतात. तिथे फोराचा आकडा दिसला तर ही जमीन कधीतरी कुणाला तरी फोरावर दिलेली होती असा संशय घ्यायला जागा आहे, आणि शोध तिथून पुढे न्यायचा.

महसूल संहितेच्या कलम १०५नुसार हक्कनोंदीतली नोंद खरी धरली जाते, पण उलट सिद्ध होईपर्यंतच. उताऱ्यावर नाव नाही म्हणून सगळे संपले असे नाही. उलट, चुलत्याने तलाठ्याशी गोड बोलून फेरफार करून घेतला म्हणून तो मालक होत नाही. फेरफार नोंद महसुलाच्या सोयीसाठी असते, तिने मालकी मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे, २०२१मध्येही सांगितले.

आता प्रकार पाहू.

आल्वारा. पोर्तुगीज राजवटीत सरकारची पडीक जमीन लागवडीसाठी मागता येत असे. आधी तात्पुरता आल्वारा मिळे, ठरलेल्या मुदतीत लागवड केली की तो कायम होई. मुक्ती १९ डिसेंबर १९६१ला आली आणि कितीतरी आल्वारे तात्पुरतेच राहिले. आज त्यांचे वारस मूळ कागद पेटीतून काढतात आणि तो मालकीचा दाखला असल्यासारखा दाखवतात. समोरच्याने असा कागद दाखवला तर चार गोष्टी विचारा: आल्वारा तात्पुरता की कायम? लागवडीची अट पाळल्याची तपासणी झाली होती का? नकाशा जोडलेला आहे का, आणि तो आजच्या कुठल्या सर्वे नंबरशी जुळतो? मुक्तीनंतर फोर भरल्याच्या पावत्या आहेत का? कागद पोर्तुगीजमध्ये असतो, म्हणून आपल्याला तो कळत नाही आणि दबून जायला होते. प्रमाणित भाषांतर करून घ्या. पुष्कळदा त्यात लिहिलेली जागा डोंगराच्या दुसऱ्याच उतारावर निघते.

आणि मूळ प्रत खरी आहे का, हेही बघा. पोर्तुगीजकालीन कागद बनावट करून जमिनी लाटल्याची प्रकरणे एवढी झाली की २०२२मध्ये राज्य सरकारला विशेष तपास पथक नेमावे लागले. पणजीच्या पुराभिलेख खात्यातून आणि उपनिबंधकाकडच्या जुन्या नोंदपुस्तकांतून ‘इन्स्क्रिप्शन-डिस्क्रिप्शन’ची, म्हणजे मालमत्तेच्या आणि तिच्यावरच्या हक्काच्या जुन्या नोंदीची, स्वतंत्र प्रत काढून ती आणि समोरच्याचा कागद शेजारी ठेवायचे. समोरच्याने आणून दिलेल्या झेरॉक्सवर कधीही विसंबू नका.

कोमुनिदाद. ही सरकारची जमीन नव्हे. ती गावकारांच्या, म्हणजे गावच्या मूळ घराण्यांच्या वंशजांच्या, संस्थेची आहे, सरकारची तिच्यावर देखरेख आहे. तिचा कायदा १९६१ची कोमुनिदाद संहिता. मुक्तीच्या काही महिने आधी, १५ एप्रिलला आलेली ही पोर्तुगीज संहिता अजून चालू आहे. कोमुनिदादची जमीन अफोरामेंताने, म्हणजे कायमच्या फोरावर, ठरलेल्या रीतीने मिळते. एखाद्या गावकाराने किंवा व्यवस्थापन समितीतल्या कुणी चिठ्ठी लिहून दिली म्हणजे जमीन मिळाली असे होत नाही. दोघांकडे दोन चिठ्ठ्या असतील तर मुळात दोन्ही निरुपयोगी असण्याची शक्यता जास्त. इथला दरवाजा कोमुनिदाद प्रशासकाचा, आणि पुढे प्रशासकीय लवादाचा.

वन. उताऱ्यावर ‘वन’ लिहिले असो वा नसो, वनखात्याकडे लेखी विचारा. सरकारी राखीव वन, खासगी वन म्हणून ठरलेली जागा, अभयारण्य, या सगळ्यांचे परिणाम वेगळे. म्हादई आणि नेत्रावळी अभयारण्ये १९९९मध्ये जाहीर झाली आणि कित्येक वाड्यांच्या बागायती त्यांच्या हद्दीत आल्या. वनजमिनीवरच्या जुन्या वस्तीला २००६च्या वनहक्क कायद्याचा स्वतंत्र रस्ता आहे, त्याकडे पुढे येतो. आणि हो, वन विकास महामंडळाने लिलावात दिलेल्या काजू बागेचा ठेकेदार हा त्या हंगामाच्या पिकाचाच धनी असतो. दहा वर्षे तोच लिलाव घेतला म्हणून जमिनीवर हक्क तयार होत नाही. उलट लिलावाची पावती हा त्याच्याच विरुद्धचा पुरावा: जमीन दुसऱ्याची आहे हे त्याने पैसे भरून मान्य केले.

मुंडकार (दुसऱ्याच्या जमिनीवर घर करून राहणारा) आणि कूळ. तुमचा मूळ दावा घराभोवतालच्या जागेचा किंवा खंडाने कसलेल्या शेताचा असेल तर तो मुंडकार कायदा १९७५ किंवा कूळ कायदा १९६४ याखाली मामलेदारापुढे जातो. त्याची गल्लत इथे करू नका. मोकाशांच्या जमिनीचा तिढा तर स्वतंत्र लेखाचा विषय आहे.

दुसरी पायरी: वाद किती चौरस मीटरांचा आहे?

हा प्रश्न ऐकून लोक चिडतात. ‘अख्खा माळ आमचाच आहे,’ असे उत्तर येते. पण मोजणी केली की बऱ्याचदा उघड होते की खरा वाद मधल्या एका पट्ट्याचा आहे, आणि बाकीच्या जागेत दोघेही एकमेकांचा ताबा वर्षानुवर्षे मानत आले आहेत.

हद्द दाखवायची तर ‘वरच्या आंब्यापासून खालच्या व्हाळापर्यंत’ हे गावात चालते, न्यायालयात चालत नाही. भूमापन व भूमिअभिलेख खात्याकडे सीमांकनासाठी अर्ज करा. खाते सर्वे नंबरची बाहेरची हद्द दाखवेल. एकाच सरकारी सर्वे नंबरच्या आत तुमचा भाग आणि शेजाऱ्याचा भाग वेगळा करून देणे हे त्याचे काम नाही, कारण तसा उपविभागच नकाशावर नसतो. तो भाग दाखवणारा नकाशा परवानाधारक खासगी सर्वेअरकडून, सर्वे प्लॅनवर बसवून घ्यावा लागतो. दाव्याला हाच नकाशा जोडायचा. दिवाणी प्रक्रिया संहितेप्रमाणे स्थावराच्या दाव्यात जागा ओळखता येईल असे वर्णन लागतेच. ते नसेल तर हुकूमनामा मिळूनही तो अमलात आणता येत नाही.

मोजणीच्या दिवशी शेजाऱ्याला लेखी नोटीस देऊन बोलवा. तो आला नाही तरी नोटीस पोचल्याची पोच ठेवा. आणि त्या दिवशी नवी वई घालू नका, जुनी काढू नका. पंचनाम्यात ‘नवीन कुंपण आढळले’ अशी एक ओळ आली की वीस वर्षांचा ताबा संशयात येतो.

तिसरी पायरी: ताब्याचा पुरावा, वर्षावार

माझ्या मते खटल्याचा निकाल इथेच लागतो. वकील चांगला असो की साधा, त्याला देण्याजोगे कागद असतील तरच तो काही करू शकतो.

एक वही घ्या. डाव्या पानावर वर्ष, उजव्या पानावर त्या वर्षी जमिनीवर काय केले आणि त्याला आधार काय. जिथे आधार नाही तिथे रिकामे ठेवा. रिकाम्या जागा पाहून घाबरू नका, त्या दिसाव्यात म्हणूनच वही आहे.

आधार कुठून मिळतो? काजूबी विकल्याच्या पावत्या, गोवा बागायतदार संस्थेच्या किंवा खासगी व्यापाऱ्याच्या. काजूची भट्टी असेल तर अबकारी खात्याचा परवाना. कृषी खात्याकडून कलमे, खत किंवा कुंपणाचे अनुदान घेतले असेल तर त्या अर्जाची प्रत, कारण अशा अर्जावर बहुधा सर्वे नंबर असतो. घर असेल तर पंचायतीची घरपट्टी आणि वीजबिल. ही दोन्ही मालकीचा पुरावा नव्हेत, पण अमुक साली तुम्ही तिथे राहत होता हे ती दाखवतात. गवे किंवा रानडुकरांनी नासधूस केल्याच्या भरपाईचे अर्ज बरेच जण विसरतात. वनखात्याचा माणूस जागेवर येऊन पंचनामा करून गेलेला असतो, म्हणजे सरकारच्याच फाइलमध्ये तुमचे नाव लागवड करणारा म्हणून पडलेले असते. त्याहून चांगला पुरावा शोधून सापडायचा नाही.

पूर्वी सरकारने अतिक्रमणाची नोटीस दिली होती का? लोक ती लाजेने लपवतात. लपवू नका. शेजाऱ्याविरुद्ध ती तुमच्या कामाची आहे, कारण सरकार स्वतःच सांगते आहे की त्या तारखेला जागेवर तुम्ही होता.

झाडेही बोलतात. काजूच्या झाडाचे वय बागायत अधिकारी अंदाजाने सांगू शकतो. गूगल अर्थवर मागच्या वर्षांची उपग्रहचित्रे बघता येतात. उघडा माळ कुठल्या वर्षापासून हिरवा दिसू लागला, ते तिथे दिसते. अशी चित्रे आणि मोबाइलवरचे फोटो पुरावा म्हणून द्यायचे तर भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३चे प्रमाणपत्र सोबत लागते. ते वकिलाकडून आधीच तयार करून घ्या. फोटो असलेला फोन विकू नका.

साक्षीदार निवडताना नातेवाईक टाळा. त्याच डोंगरावर गुरे चारणारा धनगर, पाट दुरुस्त करायला येणारा शेजारच्या वाड्यावरचा माणूस, काजू विकत घेणारा व्यापारी, यांची साधी साक्ष भावाच्या शपथपत्रापेक्षा वजनदार ठरते.

इतके करून ताबा ‘स्थिर’ आहे हे दिसायला हवे. हंगामात चार दिवस जाऊन बोंडे वेचली, एकदा गडगा घातला, याला न्यायालय ताबा मानत नाही. पूनाराम विरुद्ध मोतीराम या २०१९च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले: ताबा परिणामकारक आणि सातत्याचा असला पाहिजे, अधूनमधून केलेली कृती पुरेशी नाही.

समोरच्याची वही

आपली वही झाली की तशीच एक शेजाऱ्याच्या नावाने लिहा. त्याचे वकीलपत्र घेतल्यासारखी, प्रामाणिकपणे. सरकारी खात्यांकडे असलेले त्याचे अर्ज, परवाने, पूर्वीच्या तक्रारी माहिती अधिकारात मागता येतात. अर्जाची फी १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. खासगी माहिती म्हणून काही नाकारले जाईल. पण सरकारी जमिनीबद्दलच्या फाइल, पाहणी अहवाल आणि पंचनामे मिळायला हरकत नसते. दोन्ही वह्या शेजारी ठेवल्यावर कधी कधी स्पष्ट दिसते की खालचा भाग त्याचा आणि वरचा तुमचा. तसे दिसले तर तडजोडीच्या भागाकडे वळा, खालचे सगळे वाचण्याची गरज नाही.

चौथी पायरी: कुठल्या दारात जायचे

हाणामारीची भीती असेल तर पहिले दार कार्यकारी दंडाधिकाऱ्याचे, म्हणजे व्यवहारात मामलेदाराचे किंवा उपजिल्हाधिकाऱ्याचे. पूर्वीच्या फौजदारी संहितेतले कलम १४५ आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम १६४ झाले आहे, १ जुलै २०२४पासून. दंडाधिकारी इथे हक्काकडे बघतच नाही. आदेशाच्या तारखेला प्रत्यक्ष ताबा कुणाचा होता एवढेच तो ठरवतो. पोलिसांचा अहवाल जाण्याच्या आधीच्या दोन महिन्यांत कुणाला बळाने काढले असेल तर त्याचाच ताबा होता असे धरू शकतो. म्हणून हुसकावले गेलात तर त्याच आठवड्यात लेखी तक्रार करा. पोलीस ‘हा दिवाणी मामला आहे’ म्हणून परत पाठवतील. तरी तक्रारीवर शिक्का मारून प्रत घ्या.

ताबा गेला असेल तर दिवाणी न्यायालयात दोन मार्ग आहेत. स्पेसिफिक रिलीफ कायद्याचे कलम ६: सहा महिन्यांच्या आत दावा लावायचा, मालकी सिद्ध करायची गरज नाही, फक्त आधीचा ताबा आणि बेकायदा हुसकावणी दाखवायची. हा दावा सरकारविरुद्ध लावता येत नाही, शेजाऱ्याविरुद्ध लावता येतो, आणि आपल्या वादाला तो जणू मापून शिवलेला आहे. सहा महिने उलटले असतील तर पूर्वीच्या ताब्याच्या आधारावर १२ वर्षांच्या आत दावा लावता येतो, मुदत कायद्याच्या परिच्छेद ६४खाली. पण तो लांबतो आणि पुराव्याचे ओझे जड होते. ‘गणेश चतुर्थी होऊ दे, मग बघू’ म्हणत सहा महिने घालवणाऱ्यांची संख्या बघितली की वाईट वाटते.

ताबा अजून तुमच्याकडे आहे आणि शेजारी धमक्या देतो, तर मनाई हुकमाचा दावा. अंतरिम मनाईच्या अर्जासोबतच न्यायालयातर्फे जागेची पाहणी करणारा आयुक्त नेमण्याचा अर्ज द्या. आयुक्ताचा अहवाल म्हणजे न्यायालयाने जागा बघितल्यासारखेच. मात्र आयुक्त आजची स्थिती सांगेल, पंधरा वर्षांपूर्वीची नाही.

सरकारला प्रतिवादी करावे का? माझे मत: केवळ शेजाऱ्यापासून संरक्षण हवे असेल तर गरज नाही, आणि केल्यास दावा रेंगाळतो. सरकारविरुद्धच्या दाव्याला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८०ची दोन महिन्यांची नोटीस लागते, तातडी असेल तर न्यायालयाची परवानगी काढावी लागते. पण दाव्यात जमिनीची मालकी किंवा आल्वाऱ्याचा हक्क जाहीर करून मागत असाल तर सरकार हवेच. त्याला बाजूला ठेवून दोघांनी मिळवलेला हुकूमनामा सरकारवर बंधनकारक नसतो.

सरकारविरुद्धचा हक्क जिल्हाधिकाऱ्यापुढे मांडता येतो. महसूल संहितेत अशा दाव्याच्या चौकशीची तरतूद आहे. तिथे आल्वारा, जुन्या नोंदी, फोराच्या पावत्या, सगळे सादर करून लेखी निर्णय मागा. विरुद्ध निर्णय आला तर अधिकाऱ्याचा आदेश रद्द करून घेण्याच्या दाव्याला सामान्यतः एक वर्षाचीच मुदत असते. आदेशाची प्रत ज्या दिवशी हातात आली ती तारीख पाकिटावरच लिहून ठेवा.

फेरफाराचे काय? शेजाऱ्याने आपले नाव लावण्याचा अर्ज केला तर हितसंबंधितांना नोटीस निघते. ती पंचायतीत आणि चावडीवर लागते आणि कुणी वाचत नाही. महिन्यातून एकदा आपल्या सर्वे नंबरचा उतारा ऑनलाइन बघण्याची सवय लावा. नोंद प्रलंबित असताना लेखी हरकत घेतली तर प्रकरण वादग्रस्त म्हणून नोंदले जाते आणि मामलेदाराला सुनावणी घ्यावी लागते. नोंद प्रमाणित झाल्यावर मात्र अपिलाच्या चकरा.

वनहक्क: वेगळा रस्ता, वेगळे नियम

जागा वनजमीन असेल आणि तुम्ही गावडा, कुणबी किंवा वेळीप समाजाचे असाल, तर १३ डिसेंबर २००५पूर्वीचा ताबा दाखवून चार हेक्टरपर्यंत हक्क मागता येतो. गोव्यात या तीन समाजांना २००३मध्ये अनुसूचित जमातीचा दर्जा मिळाला. इतर पारंपरिक वनवासींना मात्र ७५ वर्षांचे वास्तव्य दाखवावे लागते. दावा ग्रामसभेच्या वनहक्क समितीकडे जातो, मग उपविभागीय आणि जिल्हा समितीकडे.

दोन कुटुंबांचे दावे एकाच तुकड्यावर आले तर समितीच्या जागेवरच्या पाहणीत दोघांनीही हजर राहिले पाहिजे. तिथली तोंडी साक्षही मोलाची: या कायद्यात गावातल्या वडीलधाऱ्यांचे निवेदन पुरावा म्हणून चालते, मात्र एकाहून जास्त प्रकारचे पुरावे द्यावे लागतात. ग्रामसभेचा ठराव मान्य नसेल तर ६० दिवसांत उपविभागीय समितीकडे दाद मागायची. दाव्याची पडताळणी पूर्ण होईपर्यंत वनजमिनीवरून हटवता येत नाही, हे कलम ४(५) वनरक्षकाला दाखवायला उपयोगी पडते. मिळालेला हक्क वारसाने जातो, विकता येत नाही, आणि विवाहितांच्या बाबतीत पती-पत्नी दोघांच्या नावावर होतो. म्हणजे ‘आम्ही ही वनजमीन स्टॅम्पपेपरवर विकत घेतली’ असे म्हणणाऱ्याचा दावा या कायद्याखाली उभाच राहत नाही.

स्टॅम्पपेपरचा विषय निघालाच आहे तर: नोटरीचा शिक्का मारलेले सरकारी जमिनीचे ‘विक्रीपत्र’ आजही तालुक्या-तालुक्यांत होते. विकणाऱ्याकडे जे नाही ते तो विकू शकत नाही. त्या कागदातून फार तर अमुक तारखेला ताबा एकाकडून दुसऱ्याकडे गेला एवढे दिसते.

बारा वर्षे, तीस वर्षे आणि गैरसमज

‘बारा वर्षे झाली, जमीन आपली’ हे वाक्य गोव्यातल्या प्रत्येक टपरीवर ऐकू येते. खासगी मालकाविरुद्ध मुदत १२ वर्षांची आहे. सरकारविरुद्ध ती ३० वर्षांची, मुदत कायद्याच्या परिच्छेद ११२प्रमाणे. आणि केवळ तीस वर्षे राहून भागत नाही, त्या सगळ्या काळात तुम्ही सरकारची मालकी नाकारून, उघडपणे राहिलात हे दाखवावे लागते. ज्याने मध्ये कधी जमीन भाड्याने किंवा नियमित करून द्या असा अर्ज केला, त्याने सरकारची मालकी मान्य केली. सार्वजनिक वापराच्या जमिनीवर तर असा हक्क मिळू नये, अशी शिफारस सर्वोच्च न्यायालयाने २०१९मध्ये केली, आणि २०११च्या जगपाल सिंग निकालात सामाईक जमिनींवरची अतिक्रमणे हटवण्याच्या योजना आखा असे सगळ्या राज्यांना सांगितले. या रस्त्यावर पैसा लावण्याआधी दोनदा विचार करा.

घर नियमित करण्याचा प्रश्न वेगळा. २०२१चे भूमिपुत्र अधिकारिणी विधेयक विधानसभेत मंजूर झाले, पण कायदा झाले नाही. अजूनही काही जण त्याच्या भरवशावर बसलेले आहेत. २०२५च्या पावसाळी अधिवेशनात महसूल संहिता आणि कोमुनिदाद संहिता या दोन्हींत दुरुस्त्या झाल्या, २८ फेब्रुवारी २०१४पूर्वीच्या घरांसाठी, क्षेत्राच्या मर्यादेत आणि अटींवर. त्या राहत्या घरांच्या आहेत, काजूच्या डोंगराच्या नाहीत. अर्ज करण्याआधी राजपत्रातली ताजी अधिसूचना वाचा, दलालाचे बोलणे नको. आणि शेजाऱ्याशी वाद चालू असताना अर्ज करणार असाल तर वाद लपवू नका. लपवलेली माहिती पुढे मंजुरी रद्द करण्याचे कारण होते.

तडजोड करायची तर नीट करा

बरेच वाद शेवटी वाटाघाटीनेच मिटतात. मग ते दहा वर्षे आधी का मिटू नयेत, असा प्रश्न मला नेहमी पडतो.

तुम्ही जमीन वाटून घेऊ शकत नाही, ती तुमची नाही. ताब्याची मेर मात्र ठरवू शकता. करारात हे शब्द हवेत: जमीन सरकारची आहे, सरकारच्या हक्काला बाध न आणता दोन्ही पक्ष आपापल्या ताब्याची हद्द अशी मानतात. सोबत नकाशा, मेरेवर दगड किंवा खांब, पाण्याची आणि ये-जा करण्याची वाट, आणि हद्दीवरच्या झाडांचे उत्पन्न कुणी घ्यायचे. शेवटचा मुद्दा राहिला तर पुढच्या मार्चमध्ये पुन्हा भांडण.

सह्या कुणाच्या? गोव्यात पोर्तुगीज नागरी संहितेतून आलेल्या सामाईक मालमत्तेच्या पद्धतीमुळे नवऱ्याइतकाच बायकोचाही हिस्सा असतो, आणि मुली मुलांच्या बरोबरीने वारस असतात. मुंबईला दिलेल्या बहिणीची आणि तिच्या नवऱ्याची सही राहिली म्हणून केलेली तडजोड मोडल्याची उदाहरणे हवी तेवढी मिळतील. सगळे वारस आणि त्यांचे जोडीदार, कुणालाही वगळू नका.

देवळात गाऱ्हाणे घालून, नारळ ठेवून झालेला समेट गावात वजनदार असतो आणि त्याला हसण्याचे कारण नाही. पण त्याच दिवशी, त्याच माणसांच्या सह्या कागदावर घ्या. दावा आधीच चालू असेल तर तडजोड न्यायालयात दाखल करून हुकूमनामा घ्या. लोकअदालतीत मिटले तर कोर्ट फी परत मिळते आणि निवाड्यावर अपील नसते.

खर्चाचे म्हणाल तर महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना उत्पन्न कितीही असले तरी विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. इतरांना उत्पन्नाची मर्यादा आहे. अर्ज तालुका विधी सेवा समितीत द्यायचा. सरकारी कचेऱ्यांत अर्ज मराठीतून करता येतो, १९८७च्या राजभाषा कायद्याने तशी सोय ठेवली आहे. न्यायालयाचे काम मात्र इंग्रजीत चालते. तेव्हा वकिलाने तयार केलेल्या शपथपत्रावर सही करण्याआधी त्यातली प्रत्येक तारीख आणि सर्वे नंबर मराठीत वाचून दाखवायला सांगा, आणि आपल्या वहीशी ताडून बघा.